शिवायचं नाही!

आजोळच्या माजघरात डोक्याच्या वर हातभर एक बांबू आडवा टांगलेला असायचा. त्यावर आजीचं सोवळ्याचं लुगडं वाळत पडायचं. ते वर टाकायचं काठीनं आणि खाली काढायचंही काठीनं, कारण वाळताना कुणाचा हात लागला की ते ओवळं झालं. सकाळी आंघोळ करून ती ते नेसायची आणि पूजा-स्वयंपाक उरकेपर्यंत आम्हा पोरांना चार हात लांब ठेवायची. "शिवू नकोस रे, सोवळ्यात आहे मी!" त्याच घरात मामी महिन्यातले चार दिवस मागच्या पडवीत बसायची. कावळा शिवला म्हणायचे. मी धावत तिच्याकडे गेलो की तीही हात आडवा धरायची. "शिवू नकोस, मला शिवायचं नाहीये."

मला काही उमगायचं नाही. एक इतकी शुद्ध की हात लावायचा नाही, दुसरी इतकी अशुद्ध की हात लावायचा नाही. पोराच्या बाजूनं पाहिलं तर निकाल दोन्हीकडे तोच.

हा घोळ माझा एकट्याचा नव्हता, हे बऱ्याच उशिरा कळलं. 'टॅबू' हा शब्द आता मराठीतही रुळलाय, पण तो मूळचा प्रशांत महासागरातल्या टोंगा बेटांवरचा. १७७७ साली ब्रिटिश दर्यावर्दी कॅप्टन जेम्स कुक तिथं पोचला. बेटावरच्या मानकऱ्यांना त्यानं जेवायला बोलावलं, तर त्यातला एकही जण बसेना की घास घेईना. आम्ही सगळे 'टॅबू' आहोत, असं त्याला सांगण्यात आलं. कुकनं शब्द टिपून घेतला आणि लिहून ठेवलं की याचा अर्थ फार व्यापक आहे, पण ढोबळमानानं 'मनाई असलेलं' असं म्हणता येईल. हाच शब्द त्या भागातल्या इतर बेटांवर 'तापू' किंवा 'कापू' असा होतो. राजघराण्यातल्या माणसाचं डोकं तापू, प्रेतही तापू. प्रेताला हात लावणारा माणूस काही काळ स्वतःच्या हातानं जेवूही शकायचा नाही, दुसऱ्यानं त्याला भरवावं लागायचं. म्हणजे सोवळं आणि विटाळ हे दोन्ही एकाच शब्दाच्या पोटात. आणि त्याच्या उलट शब्द 'नोआ', म्हणजे मोकळं, साधं, रोजचं. आजी आणि मामी दोघीही 'तापू' होत्या. 'नोआ' होतो ते आम्ही, अंगणात हुंदडणारे.

तर अशा मनाया येतात कुठून?

आपल्याकडे या प्रश्नाचं एक ठरलेलं उत्तर आहे. विषय निघाला की बैठकीत एक काका असतातच. "आपल्या पूर्वजांनी उगाच नाही केलं काही. त्यामागे शास्त्र आहे." शास्त्र म्हणजे बहुतेक वेळा स्वच्छता. सोवळं म्हणजे जंतूंपासून बचाव, पाळीचे चार दिवस म्हणजे बाईला विश्रांती, चातुर्मासातला कांदा पावसाळ्यात पचत नाही म्हणून वर्ज्य. व्हॉट्सॲपवर रोज एक तरी असा मजकूर फिरत येतो आणि खाली हात जोडलेले असतात.

मला हे उत्तर आजीच्या धाबळीपाशी अडलेलं दिसतं. आषाढ-श्रावणात लुगडं वाळत नसे. मग आजी धाबळी नेसायची. धाबळी म्हणजे लोकरीचं जाडंभरडं वस्त्र, सोवळ्यासाठी राखून ठेवलेलं. सुती कापड रोज धुतलं तरी परक्याच्या एका स्पर्शानं ओवळं होतं, पण लोकर आणि रेशीम स्वभावतःच सोवळं मानलेलं. ते रोज धुवायची गरजच नाही. आमची धाबळी धुतलेली मी कधी पाहिली नाही. तिला धुराचा, तुपाचा, घामाचा असा एक मिश्र वास यायचा, अजून नाकात आहे. आता स्वच्छताच पाहायची होती, तर त्या स्वयंपाकघरातलं सगळ्यात मळकं कापड सगळ्यात शुद्ध कसं?

अन्नाचंही तसंच. कोरडा शिधा कुणाकडूनही घ्यायला हरकत नसे, पण त्याला पाणी लागलं, चुलीवर चढला, की कुणाच्या हातचा हा प्रश्न उभा. प्रवासात दशम्या न्यायच्या, कारण त्यांचं पीठ पाण्याऐवजी दुधात भिजवलेलं. जंतूंच्या दृष्टीनं पाहिलं तर दूध हे पाण्यापेक्षा जास्त जोखमीचं. पण नियमाला जंतूंशी कर्तव्यच नव्हतं. तो पाण्यातून वाहणाऱ्या दुसऱ्याच कशाबद्दल होता. काय ते पुढे पाहू.

विश्रांतीचं म्हणाल, तर ज्या बाईला शिवायचं नाही तिला स्वयंपाकघर आणि देवघर बंद असे. शेतातली निंदणी-खुरपणी बंद नसे.

आणि 'प्राचीन' या शब्दाबद्दल एक गंमत. उपासाच्या ताटाकडे नीट पाहा. साबुदाणा ज्या कंदापासून करतात तो कंद, बटाटा, शेंगदाणे, हिरवी मिरची, हे सगळं अमेरिका खंडातून आलेलं, युरोपीय जहाजांबरोबर, सोळाव्या शतकापासून पुढे. ज्ञानेश्वरांच्या काळात एकादशीला साबुदाण्याची खिचडी असणं शक्यच नाही. काल-परवा परदेशातून आलेले चार जिन्नस उपासाला चालतात आणि हजारो वर्षं इथं पिकणारी ज्वारी चालत नाही. चातुर्मासात कांदा-लसूण-वांगं बंद, म्हणून आषाढी एकादशीच्या आधी कांदेनवमीला घरभर भजी तळली जातात आणि वांगं परत येतं ते चंपाषष्ठीला, खंडोबाच्या नैवेद्याच्या भरीत-रोडग्यातून. मला यात शास्त्र कमी आणि वर्षाला दिलेला ताल जास्त दिसतो. सोडायचं, तोंडाला पाणी सुटू द्यायचं, मग वाजतगाजत परत आणायचं. आनंदाची गोष्ट आहे, तिला पचनसंस्थेचा आधार कशाला हवा?

पण काकांना सगळंच खोडून काढणं बरोबर होणार नाही. काही मनायांत खरंच शहाणपण असतं. फिजीच्या यासावा बेटांवर गरोदर आणि अंगावर पाजणाऱ्या बायका शार्क, मोरे नावाचा सापासारखा मासा, बाराकुडा असे काही मासे वर्ज्य करतात. संशोधकांनी तपासलं तेव्हा दिसलं की प्रवाळांच्या समुद्रातल्या याच मोठ्या माशांच्या अंगात एक घातक विष साठतं. २०१० साली हा अभ्यास प्रसिद्ध झाला. पण त्या बायकांना कारण विचारलं तर त्या विषाचं नाव घेत नाहीत. शार्क खाल्ला तर बाळाची कातडी खरखरीत होते, असं सांगतात. म्हणजे नियम बरोबर आणि कारण चूक. नियम पिढ्यान्‌पिढ्या चाळणीतून गाळला जातो, कारण मागाहून चिकटवलं जातं. 'शास्त्र आहे' म्हणणारे काका आणि 'खरखरीत कातडी' म्हणणाऱ्या त्या बायका एकच काम करत असतात, फरक इतकाच की बायकांचा नियम निदान तपासून खरा ठरला.

आता शरीराकडे वळू, कारण मनाईला जोर तिथून मिळतो. किळस ही फार जुनी यंत्रणा आहे, सडलेलं आणि संसर्गाचं तोंडापासून दूर ठेवण्यासाठी घडलेली. पण ती तर्कानं चालत नाही. पॉल रोझिन या अमेरिकी मानसशास्त्रज्ञानं १९८०च्या दशकात काही प्रयोग केले. निर्जंतुक केलेलं मेलेलं झुरळ रसाच्या पेल्यात क्षणभर बुडवून काढलं आणि पेला लोकांपुढे ठेवला. जंतू नाहीत हे लोकांना माहीत होतं, तरी पेला नको. दुसऱ्या प्रयोगात साखरेच्या बाटलीवर 'विष' अशा अर्थाची चिठ्ठी लोकांनी स्वतःच्याच हातानं डकवली, आणि मग त्यातली साखर खायला त्यांचीच टाळाटाळ. एकदा लागलं ते कायमचं लागलं, असं मनाला वाटतं. मराठीत याला शब्द शोधायची गरज नाही, विटाळ हाच तो.

ही झाली भिंतीतली खुंटी. तिच्यावर काय टांगायचं ते मात्र प्रत्येक समाज आपापलं ठरवतो.

कसं ठरवतो, याचं मला सगळ्यात पटलेलं उत्तर मेरी डग्लस या ब्रिटिश मानववंशशास्त्रज्ञ बाईंचं. १९६६ साली त्यांनी मांडलं की घाण ही वस्तूत नसते, ती जागेत असते. जी गोष्ट आपल्या जागी नाही, ती घाण. त्याचं घरगुती रूप मी असं सांगेन : डोक्यावरचा केस म्हणजे सौंदर्य, त्यावर गजरा माळायचा. तोच केस आमटीत सापडला की पान बाजूला. केस तोच, आमटी तीच, बिघडली ती फक्त जागा. डग्लसबाईंनी यातून ज्यूंच्या धर्मग्रंथातलं डुक्कर उलगडलं. तिथं खाण्याजोग्या प्राण्याची व्याख्या दोन खुणांची, खूर दुभंगलेला हवा आणि प्राणी रवंथ करणारा हवा. डुकराचा खूर दुभंगलेला आहे, पण ते रवंथ करत नाही. अर्धं या खान्यात, अर्धं त्या खान्यात. जे खान्यांत बसत नाही त्याची भीती वाटते, कारण ते खान्यांवरच शंका घेतं. डुकराबद्दल दुसरी मतंही आहेत. मार्विन हॅरिस हे अमेरिकी मानववंशशास्त्रज्ञ म्हणत की कोरड्या उष्ण प्रदेशात डुक्कर पाळणं परवडतच नाही, त्याला सावली लागते, पाणी लागतं आणि ते माणसाचंच धान्य खातं. तेही पटतं. पण न परवडणारी गोष्ट लोक पाळत नाहीत, एवढंच होईल. तिच्या नुसत्या नावानं अंगावर काटा का यावा, हे त्यातून कळत नाही.

सगळ्या मनायांत सर्वदूर पसरलेली मनाई म्हणजे रक्ताच्या नात्यातल्या संबंधांची. इथं तरी जीवशास्त्र हवंच, आणि आहेच. एडवर्ड वेस्टरमार्क या फिनलंडच्या अभ्यासकांनी १८९१ साली मांडलं होतं की लहानपणापासून एकत्र वाढलेल्यांना एकमेकांचं आकर्षण वाटत नाही. पुढे इस्राएलमधल्या किबुत्झ नावाच्या सामूहिक वसाहतींत याचा पडताळा आला. तिथं मुलं पाळणाघरांत भावंडांसारखी एकत्र वाढत, लग्नाला कुणाची मनाई नव्हती, तरी तपासलेल्या २,७६९ लग्नांत एकाच गटात वाढलेल्यांची लग्नं अवघी १४ निघाली. तैवानमध्ये होणाऱ्या सुनेला बाळपणीच घरी आणून वाढवायची एक पद्धत होती. अशा जोडप्यांना मुलं कमी होत आणि त्यांची लग्नंही जास्त मोडत.

इथवर निसर्ग. आता महाराष्ट्रात या. मामाची मुलगी आणि काकाची मुलगी. रक्ताचा हिशेब केला तर दोघी सारख्याच जवळच्या, आठव्या हिश्श्याच्या. पण आपल्याकडच्या कितीतरी समाजांत मामाच्या मुलीवर भाच्याचा जणू हक्क, तिच्यावरून त्याची थट्टा चाललेली आणि काकाची मुलगी म्हणजे सख्ख्या बहिणीसारखी, तो विचारसुद्धा पाप. उत्तरेकडे गेलात तर दोघीही बहिणी. दक्षिणेत काही ठिकाणी खुद्द मामाशीच भाचीचं लग्न. इरावती कर्व्यांनी १९५३ साली भारतातल्या नातेसंबंधांची मांडणी केली, तीत महाराष्ट्र हा या दोन रीतींच्या सीमेवरचा प्रदेश म्हणून येतो. १९५५च्या हिंदू विवाह कायद्यानं चुलत, मामे, आते, मावस सगळ्यांना एकाच मनाईच्या यादीत घातलं आणि लगेच 'रूढी असेल तर चालेल' अशी फटही ठेवली. कायद्याला कळत होतं की ही रेघ रक्तानं आखलेली नाही. ती कुळानं आखली आहे, म्हणजे आपलं कोण आणि देण्याघेण्याचं कोण, यावरून.

शब्दांच्या मनायांवर वेगळा लेख होईल, इथं ओझरतंच. नारळ फोडत नाही, वाढवतो. दुकान बंद करत नाही, वाढवतो. बांगडी फुटत नाही, वाढते. निघताना 'जाते' म्हटलं की आजी दटावायची, "येते म्हण." माणसांना झोडपून काढणाऱ्या रोगाला आपण 'देवी' म्हटलं आणि मग त्याच्या लशीलाही 'देवीची लस'. नवऱ्याचं नाव घ्यायचं नाही हा नियम, आणि तो मोडायची रीतसर परवानगी म्हणजे उखाणा. मनाई आणि तिच्यातली पळवाट आपण बहुधा जोडीनंच बांधतो.

आता जेवणाकडे. कुकला तो शब्द जेवणाच्या निमंत्रणातून सापडला हा योगायोग वाटत नाही.

हवाई बेटांवर 'आई कापू' म्हणून नियम होता. तिथल्या भाषेत 'आई' म्हणजे खाणं. बायका आणि पुरुषांनी एकत्र जेवायचं नाही. बायकांना डुकराचं मांस, नारळ, बहुतेक जातींची केळी आणि काही मासे वर्ज्य. दोघांचं अन्न वेगवेगळ्या भट्ट्यांत शिजायचं, आणि दोन्ही भट्ट्यांवर राबायचे ते पुरुष. (हे वाचून आमच्या मामीनं काय म्हटलं असतं याची कल्पना करतोय.) नियम मोडला तर शिक्षा मृत्यूची. ८ मे १८१९ रोजी राजा कामेहामेहा वारला. त्याची लाडकी राणी काआहुमानू राज्यकारभारात भागीदार झाली. पण ज्या घरात पुरुष जेवत आणि खलबतं करत, तिथं तिला पाऊल टाकता येईना. दरम्यान चाळीस वर्षं युरोपीय जहाजं येत होती, त्यांवर जाणाऱ्या बायका वर्ज्य पदार्थ खाऊन परतत होत्या आणि त्यांच्यावर आकाश कोसळत नव्हतं. नोव्हेंबर १८१९ मध्ये कैलुआला मेजवानी ठरली. दोन टेबलं, एक पुरुषांचं, एक बायकांचं. विशीतला नवा राजा लिहोलिहो आधीचे दोन दिवस होडीत दारू पीत होता असं सांगतात. तो टेबलांभोवती फिरला आणि अचानक बायकांच्या टेबलावर बसून भराभर जेवू लागला. 'आई नोआ!' मोकळं जेवण! देवळं पाडा, मूर्ती जाळा, असा हुकूम निघाला आणि मुख्य पुजारी हेवाहेवा स्वतः त्यात सामील झाला. डिसेंबरमध्ये राजाचा चुलतभाऊ जुन्या धर्मासाठी कुआमोओला लढला आणि पडला. ख्रिस्ती मिशनरी तिथं पोचले ते त्यानंतर, १८२० साली.

एका घासानं एवढी इमारत कशी पडते? ती स्वच्छतेवर उभी असती तर पडली नसती. ती उभी होती कोण कुणाशेजारी बसतो यावर. त्यामुळे राजा उठून दुसऱ्या टेबलावर बसला आणि काम झालं.

आपल्याकडे राजाही नव्हता आणि टेबलही एक नव्हतं, त्यामुळे प्रकरण लांबलं. १८९० साली पुण्यात पंचहौद मिशन या ख्रिस्ती मिशनमध्ये एक समारंभ झाला. शेवटी चहा-बिस्किटं आली. हजर असलेल्यांत न्यायमूर्ती रानडे आणि टिळक. गोपाळराव जोशी, म्हणजे डॉक्टर आनंदीबाईंचे पती, यांनी चहाला गेलेल्यांची नावं वर्तमानपत्रात छापून दिली. शहर पेटलं. वाद शंकराचार्यांपर्यंत गेला. कुणी प्यायला आणि कुणी नुसता कप हातात धरला, याचा कीस पाडला गेला. टिळकांनी काशीला प्रायश्चित्त घेतल्याचं दाखवलं. रानड्यांनी बराच काळ टाळून १८९२ मध्ये प्रायश्चित्त घेतलं, आणि सुधारक मित्र त्यांच्यावर नाराज झाले. चहा उकळलेला होता, हे त्या संपूर्ण वादात कुणाच्या लेखी मुद्दाच नव्हता. पाण्यातून वाहणारं ते 'दुसरंच काहीतरी' म्हणजे देणाऱ्याची जात आणि धर्म.

महाडला हे उघडंवाघडं दिसलं. चवदार तळ्यावर गुरं पाणी पीत होती, त्यानं तळं बाटत नव्हतं. २० मार्च १९२७ रोजी डॉ. आंबेडकर आणि त्यांच्याबरोबरचे हजारो लोक ओंजळीनं तेच पाणी प्यायले, तेव्हा बाटलं. मग सनातन्यांनी शुद्धीकरण केलं. शेण, गोमूत्र, दूध, दही भरलेल्या १०८ घागरी तळ्यात रित्या केल्या. पिण्याच्या पाण्यात शेण कालवून ते स्वच्छ केलं, हे वाक्य सावकाश वाचा. तळ्यावर हक्क कुणाचा, याचा खटला दहा वर्षं चालला. १९३७ साली मुंबई उच्च न्यायालयात निकाल आंबेडकरांच्या बाजूनं लागला, आणि त्यातला कळीचा भाग असा की ही रूढी अनादी काळापासून चालत आली आहे, हे दुसऱ्या पक्षाला सिद्ध करता आलं नाही.

आमच्या इमारतीत मागच्या महिन्यात एका घरी चहाला गेलो होतो. शिकलेली, मोकळी माणसं, मुलगा परदेशात. सोवळंबिवळं काही नाही, उलट आजीची धाबळी सांगितली तर पोट धरून हसली. स्वयंपाकघराच्या खिडकीत, मोरीच्या बाजूला, कान तुटलेला एक स्टीलचा कप उपडा ठेवलेला होता. कुणाचा, ते विचारावं लागलं नाही. वहिनी म्हणाल्या, "मावशींचा. तसं काही नाही हो आमच्यात, पण आपलं हायजीन म्हणून." मावशी तेव्हा मोरीवर उभ्या होत्या आणि घरातले बाकी सगळे कप घासत होत्या.